चिनी इसमांची भरती

महिपत घागांना बारा चिनी माणसं हवी होती, आणि तीही सिगारेट ओढणारी. कोपरच्या सोसायटीत राहणाऱ्या आणि एका आरोग्य संशोधन संस्थेत सतरा वर्षं लेखनिकी केलेल्या माणसावर सहसा असा प्रसंग येत नाही. पण एकोणीसशे एक्क्याण्णवच्या जानेवारीत डॉ. सरोज तळपदेंनी त्यांना केबिनमध्ये बोलावलं आणि चष्मा पुसत विचारलं, "घाग, तुम्ही डोंबिवलीला राहता ना?"

"हो, कोपर. वेस्टला."

"मग ठाणे जिल्हा तुमचा."

एवढ्या सहज आजवर कोणाला जिल्हा मिळाला नसेल. परदेशातल्या कुठल्याशा विद्यापीठाला मायदेश सोडून आलेल्या चिनी लोकांची सिगारेट कशी सुटेल याचा अभ्यास करायचा होता. जगभरची शहरं त्यांनी वाटून घेतली होती. मुंबई दुसऱ्या एका डॉक्टरांकडे गेली, उरला ठाणे जिल्हा. बारा जण गोळा करायचे, अकरा पानांचा फॉर्म भरून घ्यायचा आणि मग दर आठवड्याला त्यांना भेटून सिगारेट सोडायला मदत करायची. काम नीट झालं तर घाग 'लेखनिक' राहणार नव्हते, 'क्षेत्र अन्वेषक' होणार होते. अन्वेषक म्हणजे नक्की काय ते महिपतरावांना ठाऊक नव्हतं. पण दारावरच्या पाटीवर हा शब्द कसा दिसेल ते त्यांनी केबिनच्या बाहेर पडायच्या आत ठरवून टाकलं होतं.

अट एकच होती. अन्वेषक स्वतः धूम्रपान करणारा नसावा.

महिपतराव दिवसाला आठ ओढत. त्यांनी कागदावर सही केली, खाली आले, उरलेलं पाकीट वॉचमनच्या हातात ठेवलं आणि युद्धावर निघालेल्या माणसासारखे मान ताठ करून घरी गेले.

पहिला दिवस अभिमानात गेला. दुसऱ्या दिवशी पायात काहीतरी शिरलं. खुर्चीत बसलं की उठावंसं वाटे आणि उठलं की कशासाठी उठलो ते आठवत नसे. बडीशेप झाली, लवंग झाली, खडीसाखर झाली. तीन दिवसांत त्यांनी माळा दोनदा आवरला, बाल्कनीतल्या कुंड्या उलट्या क्रमानं लावल्या आणि पुन्हा सुलट्या केल्या. चौथ्या दिवशी ते शिवणयंत्राला तेल घालायला निघाले तेव्हा शीलाताईंनी हातातलं निवडायचं ताट खाली ठेवलं.

"सिगारेट ओढायचात तेव्हा निदान एका जागी बसून ओढायचात हो."

"हे संशोधन आहे, शीला."

"मग ते चिन्यांवर करा. माझ्या मशीनवर कशाला?"

सोसायटीचे सेक्रेटरी धोंडीबा शेलार जकात नाक्यावरून निवृत्त झालेले. जगात कुठली वस्तू कुठे मिळते हे आपल्याला कळतं असा त्यांचा समज होता, आणि तो निवृत्तीनंतरही कमी झाला नव्हता. जिन्यातच त्यांनी महिपतरावांना अडवलं. "अरे घाग, चिनी शोधतोयस म्हणे? सोप्पंय रे! स्टेशनबाहेर बघ, चायनीजच्या गाड्या किती लागल्यात. लाल कंदील, ड्रॅगन, सगळं ओरिजिनल. चिन्याशिवाय कोण करणार?"

सल्ला चुकीचा आहे हे कळायला महिपतरावांना सहा गाड्या लागल्या. गाडीवर जाऊन नुसते प्रश्न विचारता येत नाहीत, आधी काहीतरी मागवावं लागतं. पहिल्या ड्रॅगनचा मालक रामा जुन्नरचा निघाला. दुसऱ्या गाडीवरचा वस्ताद आधी भेळ विकायचा, त्याच चटणीत त्यानं आता सोया सॉस घातला होता. तिसऱ्या गाडीवर बसलेल्या बाईंनी "आमच्यात सिगारेट चालत नाही, तंबाखू चालते" असं खडसावून सांगितलं. सहाव्या गाडीपर्यंत महिपतरावांच्या पोटात एवढं मंचुरियन गेलं होतं की घरी शीलाताईंनी वरणभाताचं नाव काढताच त्यांना करपट ढेकर आला.

सहाव्या गाडीवर मात्र टेकराज होता. बारीक डोळ्यांचा, कानावर अर्धी विझलेली सिगारेट खोचलेला. महिपतरावांनी आशेनं पिशवीतून फॉर्म काढला.

"जन्म कुठला?"

"पोखरा."

"ते चीनमध्ये येतं?"

"नेपाळमध्ये येतं, साब." टेकराजनं कढई हलवता हलवता मान वर केली. "पण मला सिगारेट सोडायचीय. डॉक्टर बोलला, छाती खराब आहे. लिहा ना माझं नाव."

"तुम्ही चिनी नाही हो."

"दिवसभर लोक मला चिनीच बोलतात. आज कामाचं निघालं तर तुम्ही नाय बोलता."

फॉर्म पिशवीत परत घालताना महिपतरावांना आपण काहीतरी हलकट करतोय असं वाटलं. पण ही भावना कुठल्या रकान्यात लिहायची ते अकरा पानांत कुठेच नव्हतं.

संस्थेनं एव्हाना त्यांना अधिकारपत्र दिलं होतं. मूळ इंग्रजी पत्राचं मराठी संस्थेच्या टंकलेखकानं केलं होतं. हा टंकलेखक कोशात सापडलेला पहिला शब्द हाच खरा मानणारा होता. पत्रात लिहिलं होतं: 'श्री. महिपत विठोबा घाग हे ठाणे जिल्ह्यातील चिनी इसमांची भरती करीत असून सर्व संबंधितांनी त्यांना सहकार्य करावे.' खाली गोल शिक्का. पत्राचं वजन महिपतरावांना इतकं आवडलं की त्यांनी ते प्लॅस्टिकमध्ये घालून घेतलं.

शेवटी खऱ्या चिन्याचा पत्ता दिला शीलाताईंनीच. "कल्याणला लिआओ दातवाला नाही का? माझ्या माहेरची सगळी तिथेच जातात. तुम्ही मला विचारलंत कुठे?"

दुसऱ्या दिवशी महिपतराव कल्याणला गेले. जिन्याच्या तोंडाशी लाल हिरड्यांची मोठी कवळी रंगवलेली पाटी होती. आत बाकावर गाल सुजलेले एक म्हातारे कोळी बसले होते. गोमाजी त्यांचं नाव, खाडीकाठच्या गावातले. डॉ. लिआओ चाळिशीतला, अंगानं सडपातळ, पांढरा कोट घातलेला. त्यानं महिपतरावांना बोट दाखवून खुर्चीत बसवलं. कामाचं सांगावं म्हणून महिपतरावांनी तोंड उघडलं. दंतवैद्यासमोर तोंड उघडण्याचा अर्थ एकच होतो.

"वरची डावी गेलीय," लिआओ आरशात बघत म्हणाला. मराठी अस्सल कल्याणचं. "आज काढू का उद्या येताय?"

"आँ... आँ..."

"आज. बरं."

महिपतरावांनी दोन्ही हात हलवले. लिआओनं ते धीरानं खाली दाबले. पुढची वीस मिनिटं संशोधन थांबलेलं होतं. दाढ ताटलीत पडल्याचा आवाज आला, तेव्हा महिपतराव क्षेत्र अन्वेषक या पदाचा मनातल्या मनात राजीनामा देऊन मोकळे झाले होते.

"सिगारेट ओढता ना? दातांवर दिसतंय," लिआओ हात धुताना म्हणाला. "मीपण ओढतो. सोडायला पाहिजे. सगळ्या पेशंटना सांगतो, स्वतःला जमत नाही."

महिपतरावांच्या अंगात एकदम वारं भरलं. खरा चिनी! ओढणारा! सोडायची इच्छा असलेला! तोंडात कापसाचा बोळा तसाच ठेवून ते उठले आणि प्लॅस्टिकमधलं पत्र आणि फॉर्म त्यांनी एकदमच पुढे केला. "मी फंफ्थेकडून आलोय. फंफोधन..."

लिआओनं हसत फॉर्म घेतला. नाव लिहिलं, पत्ता लिहिला आणि मग त्याचं पेन थांबलं. तिसरा प्रश्न होता, जन्म कोठे झाला. चौथा, भारतात केव्हा व कोणत्या कारणाने आलात. पाचवा, येथे आणखी किती काळ राहण्याचा विचार आहे. सिगारेटचं नाव अकराव्या प्रश्नाच्या आधी कुठेच नव्हतं.

लिआओचं हसू गेलं. तो लोखंडी कपाटाकडे गेला, एक जाड फाइल काढून आणली आणि महिपतरावांसमोर उघडी ठेवली. दरवर्षीचा राहण्याचा परवाना, दरवर्षीचे शिक्के.

"सगळे कागद बरोबर आहेत, साहेब," तो म्हणाला. मघापर्यंत 'साहेब' हा शब्द त्यानं एकदाही वापरला नव्हता. "मार्चपर्यंतचा शिक्का आहे. बघून घ्या."

"नाई नाई! फिगारेट! फक्त फिगारेट!"

बाकावरून गोमाजी उठले. "आरं तू कोन रं डागतराचं कागद बघनारा? माज्या बापाचं दात याच्या चुलत्यानं काढलं. यो हितलाच हाय. तू कंचा?"

बोळा तोंडात असताना आपण कुठले हे नीट सांगता येत नाही. महिपतरावांनी अर्धवट फॉर्म पिशवीत कोंबला आणि ते जिना उतरले. ज्या कामासाठी गेलेलो ते झालं नाही, आणि ज्यासाठी गेलो नव्हतो ते झालं, असं त्यांनी घरी पाटीवर लिहून सांगितलं. बोलता येत नव्हतं.

त्यानंतर विचित्र गोष्टी घडू लागल्या. ठाण्यातल्या चिनी ब्यूटी पार्लरचा पत्ता मिळाला होता. तिथे गेले तर 'रंगकाम चालू' अशी पाटी, आणि आत रंगाचा वाससुद्धा नाही. दुसरं एक चिनी कुटुंब अचानक कलकत्त्याला लग्नाला गेलं होतं, दुकानासकट. महिपतराव जिथे पोचत तिथे त्यांच्या आधी काहीतरी पोचलेलं असे. आपण जिल्हाभर शटर पाडत चाललोय हे कळायला त्यांना आठवडा लागला. सिगारेट सोडून तेरा दिवस झाले होते. दोन तास सलग झोप नव्हती, आणि रिकाम्या दाढेच्या खड्ड्यात जीभ सारखी जाऊन येत होती.

चौदाव्या दिवशी सकाळी ते माजिवड्याला गेले. तिथे एका चिनी कारागिराचं चपलांचं दुकान होतं. अपेक्षेप्रमाणे बंद. शेजारच्या पानवाल्याला त्यांनी विचारलं, "हे चिनी कुठे भेटतील?"

"कशाला?"

महिपतरावांनी पत्र पुढे केलं. पानवाल्यानं ते मोठ्यानं वाचलं. 'चिनी इसमांची भरती' इथे पोचेपर्यंत आठदहा माणसं जमली होती. एकानं विचारलं, भरती म्हणजे काय? दुसरा म्हणाला, मिलिटरीत करतात ती. तिसऱ्यानं महिपतरावांची पिशवी धरली. पाच मिनिटांत महिपत विठोबा घाग, संस्थेचे कर्मचारी, गणेशोत्सव समितीचे माजी खजिनदार, आयुष्यात कधी रांग मोडली नाही असा माणूस, पोलीस चौकीच्या बाकावर बसले होते.

फौजदारांनी पत्र दोनदा वाचलं. "भरती? कुठल्या सैन्यात?"

"अभ्यासात, साहेब. सिगारेट सोडवायला."

"चिन्यांची सिगारेट सोडवायला सरकार माणूस पाठवतं? आमची नाय सोडवत कोण ती." हवालदार हसत म्हणाला. फौजदार हसले नाहीत. त्यांनी संस्थेला फोन लावला. डॉ. तळपदे परिषदेला दिल्लीला गेल्या होत्या. फोन शिपायानं घेतला. "घाग? ते लेखनिक आहेत. ते कशाला चिनी शोधतील? ते आवक-जावक बघतात."

आवक-जावक! सतरा वर्षांच्या नोकरीचं सार चौकीतल्या सगळ्यांनी ऐकलं.

पिशवीत एकच फॉर्म होता ज्यावर नाव होतं. फौजदारांनी त्यावरून कल्याणला निरोप पाठवला. महिपतराव तीन तास बसले. बसले म्हणजे उठले, फेऱ्या मारल्या, 'खाली बसा' ऐकलं आणि पुन्हा बसले.

दुपारी लिआओ आला. पांढरा कोट नव्हता, इस्त्रीचा शर्ट होता. काखेत ती जाड फाइल आणि हातात एक छोटी कॅनव्हासची बॅग. त्यानं फाइल टेबलावर ठेवली, बॅग पायाशी ठेवली आणि तो उभाच राहिला.

"याला ओळखता?" फौजदारांनी महिपतरावांकडे पेन रोखलं.

लिआओनं मान वळवली. क्षणभर त्याला काही समजेना. आपल्याला का बोलावलंय याचा त्यानं वाटभर वेगळाच अर्थ लावला होता हे महिपतरावांना त्याच्या चेहऱ्यावर दिसलं. मग त्यानं लांब श्वास सोडला.

"हा माझा पेशंट आहे," तो म्हणाला. "वरची डावी दाढ मी काढलीय."

"पुरावा?"

"घागसाहेब, तोंड उघडा."

आणि चौकीत, फौजदार, हवालदार आणि दारातून डोकावणाऱ्या पानवाल्याच्या देखत, महिपतरावांनी तोंड उघडलं. हवालदारानं टॉर्च मारली. खड्डा होता. एखाद्या माणसाची इभ्रत त्याच्या नसलेल्या दाढेवर टिकून राहावी ही गोष्ट त्यांना सोसायटीत कधीच सांगता आली नाही.

"हमी घेता याची?"

"घेतो," लिआओ म्हणाला, आणि जन्मानं भारतीय, रेशनकार्डधारक महिपत घागांच्या चांगल्या वर्तणुकीबद्दल त्या परवानाधारक परदेशी माणसानं सही केली.

चौकीबाहेर टपरीवर दोघांनी चहा घेतला. महिपतरावांना आभार मानायचे होते, पण डोळे त्या बॅगेवरून हलत नव्हते. "डॉक्टर, तुम्ही कुठे बाहेरगावी निघाला होतात का?"

लिआओनं चेन ओढून बॅग उघडून दाखवली. दोन शर्ट, टॉवेल, स्वेटर, टूथब्रश.

"बासष्टला मी अकरा वर्षांचा होतो. आसामात. तिथेच जन्मलो, वडील दातांचेच डॉक्टर. लढाई सुरू झाली, मग सकाळी पोलीस आले यादी घेऊन. थोडे दिवस चला म्हणाले. अंगावरच्या कपड्यांनिशी गेलो. राजस्थानात छावणीत तीन वर्षं काढली. सुटलो तर घर राहिलं नव्हतं, म्हणून काकाकडे कल्याणला आलो." त्यानं चहाचा घोट घेतला. "पोलीस येण्याच्या आधी एक माणूस फॉर्म घेऊन आलेला. कुठे जन्मलात, कधी आलात, किती दिवस राहणार. वडिलांनी छान अक्षरात भरून दिला. आज निरोप आला तेव्हा म्हटलं, या वेळी ब्रश तरी घेऊन जाऊ."

महिपतरावांना रडू येईल असं वाटत होतं, पण माजिवड्याच्या नाक्यावर आज आणखी शोभा करून घेण्याची त्यांची तयारी नव्हती. लिआओनं खिशातून सिगारेट काढली. काडी तीनदा ओढावी लागली. मग त्यानं पाकीट पुढे केलं.

चौदा दिवसांचा निग्रह होता. महिपतरावांनी सिगारेट घेतली. दोघांनी ओढल्या, आणि इतकी लाज आणि इतकं सुख त्यांना एकाच वेळी कधी वाटलं नव्हतं.

"उद्यापासून दोघं सोडू," लिआओ थोटूक चिरडत म्हणाला.

"उद्यापासून," महिपतराव म्हणाले. मग पिशवीतून त्यांनी तो अर्धवट फॉर्म काढला आणि तीन, चार आणि पाच या प्रश्नांवर शाईच्या पेनानं आडवी काट मारली. संस्थेच्या छापील कागदावर त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा खाडाखोड केली. घरी जाऊन उरलेल्या कोऱ्या फॉर्मांवरही मारली, सगळ्यांवर, पट्टी लावून.

लिआओनं निरोप धाडले आणि रविवारी दुपारी त्याच्या दवाखान्यात माणसं जमली. पार्लरवाल्या बाईंचा नवरा आला, कलकत्त्याला गेलेलं कुटुंब निम्म्या वाटेवरून परतल्यासारखं आलं, माजिवड्याचा चपलांचा कारागीर आला. लिआओची ऐंशी वर्षांची काकू जिन्याच्या वरच्या पायरीवर सिगारेट ओढत बसून राहिली आणि "मैं नहीं छोड़ेगी, देखने आयी" असं जाहीर करून मोकळी झाली. गोमाजी बिडी सोडायला आले होते. "मी चिनी नाय, पन डागतर माजा हाय," एवढं त्यांनी महिपतरावांना दरडावून सांगितलं. टेकराजला महिपतरावांनी स्वतः बोलावून आणलं होतं.

"तुम्ही शिकवणार आम्हाला? तुमचे किती दिवस झाले?" कारागिरानं विचारलं.

अन्वेषकानं काय उत्तर द्यायचं ते संस्थेनं दिलेल्या पुस्तिकेत छापलेलं होतं. महिपतरावांनी पुस्तिका मिटली. "चार," ते म्हणाले. "मधे एक ओढली. माजिवड्याला." सगळे हसले, आणि दवाखान्यातली हवा सैल झाली. मग कोणाला कधी फार तल्लफ येते ते जो तो सांगू लागला, आणि सगळे एकाच वेळी सांगू लागल्यावर महिपतरावांनी पाचव्या मिनिटाला लिहायचं सोडून दिलं.

मार्चअखेर डॉ. तळपदेंनी फॉर्म टेबलावर पसरले. चौघांनी सिगारेट सोडली होती, दोघांनी निम्म्यावर आणली होती. पण बाईंची नजर आडव्या रेघांवरच होती.

"घाग, तीन, चार, पाच भरल्याशिवाय हे स्थलांतरित आहेत हे सिद्ध कसं होणार? तिकडचे लोक हे धरणार नाहीत. परत जाऊन भरून आणा."

"नाही आणणार, बाई."

सतरा वर्षांत हे वाक्य त्या केबिनमध्ये त्यांच्या तोंडून निघालं नव्हतं. आपण ते उभं राहून म्हटलं की बसून, हेही त्यांना नंतर आठवलं नाही. मग त्यांनी चौकीचं सांगितलं, बॅगेचं सांगितलं. टूथब्रशचंही सांगितलं. डॉ. तळपदे चष्मा हातात धरून ऐकत राहिल्या.

"मग अहवालात मी काय पाठवू? तुमची अन्वेषकाची फाइल यावरच अडलीय, माहितेय ना?"

महिपतरावांनी खिशातून घडी केलेला कागद काढून दिला. सुवाच्य अक्षर, सतरा वर्षांचं लेखनिकी वळण. 'ठाणे जिल्ह्यात कसून शोध घेतला असता स्थलांतरित चिनी इसम आढळून आले नाहीत. जे आढळले ते कल्याण, ठाणे व माजिवडा येथीलच रहिवासी आहेत.'

डॉ. तळपदेंनी तो दोनदा वाचला. मग पेन उचलून 'स्थलांतरित'मधला सुटलेला अनुस्वार दिला, खाली सही केली आणि कागद परत दिला.

"जावक क्रमांक घाला," त्या म्हणाल्या, "आणि आजच्या टपालानं जाऊ द्या."